उणे ४७९ कोटी सेकंद

गेल्या पावसाळ्यात ऑफिसच्या कामात एक किरकोळ बग माझ्या वाट्याला आला. जुन्या दस्तांच्या नोंदी एका सिस्टिममधून दुसऱ्या सिस्टिममध्ये नेताना तारखा चुकत होत्या. चुकत होत्या त्याही अशा, की १८९० साली जन्मलेला माणूस थेट २०२६ साली जन्माला येत होता. शिक्रापूरच्या घरात, वरच्या खोलीत, पत्र्यावर पाऊस वाजत असताना मी त्या आजोबांच्या पुनर्जन्माचं कारण शोधत बसलो होतो.

कारण जुनंच होतं. संगणक बहुतेक वेळा काळ मोजतो तो १ जानेवारी १९७० च्या मध्यरात्रीपासून, ग्रिनिचच्या घड्याळाने, सेकंदासेकंदाने. त्यानंतरचे सेकंद अधिक, आधीचे उणे. जुन्या बत्तीस बिटांच्या डब्यात हा आकडा ठेवला तर पुढे १९ जानेवारी २०३८ पर्यंत जाता येतं आणि मागे १३ डिसेंबर १९०१ पर्यंत. त्यापलीकडे गेलात की आकडा गर्रकन फिरतो आणि १३६ वर्षं पुढे जाऊन पडतो. म्हणजे त्या यंत्राच्या हिशेबी १९०१ च्या आधी जगच नव्हतं. मी डबा मोठा केला, चौसष्ट बिटांचा. आता दुरुस्ती नीट झाली का हे बघायला एखादी खूप जुनी तारीख हवी होती. बोटांनी आपोआप टाईप केलं : १ जानेवारी १८१८.

उत्तर आलं : उणे ४,७९,६६,६८,८००.

दुसरा कुणी असता तर १८५७ टाकलं असतं. पण मी शिक्रापूरचा आहे.

ज्यांनी हे गाव फक्त गाडीच्या काचेतून पाहिलंय त्यांच्यासाठी सांगतो. पुणे-नगर रस्त्यावर पुण्यापासून चाळीसेक किलोमीटरवर एक चौक लागतो, जिथे गाडी हमखास अडकते. चाकणकडून येणारे कंटेनर, रांजणगाव आणि सणसवाडीच्या कंपन्यांच्या बस, उसाच्या ट्रॉल्या आणि त्यातून वाट काढणारी आम्ही माणसं. तेच शिक्रापूर. गावात बघण्यासारखं काय, असं कुणी विचारलं तर उत्तर देताना आमची पंचाईत होते. पण गावातून मोटरसायकल काढली की तासाभराच्या आत चार वेगवेगळ्या शतकांत पोचता येतं. एका बाजूला वढू आणि तुळापूर, जिथे १६८९ च्या मार्चमध्ये औरंगजेबाने संभाजी महाराजांना हाल हाल करून मारलं. दुसऱ्या बाजूला पाबळ, तिथे मस्तानीची कबर, १७४० ची. खाली थेऊर, जिथे १८ नोव्हेंबर १७७२ ला माधवराव पेशवे क्षयाने गेले. आणि दहाएक किलोमीटरवर कोरेगाव भीमा, १ जानेवारी १८१८.

लहानपणी मला वाटायचं, टाइम मशीन बांधायचं असेल तर आमच्यासारखी जागा नाही. पेट्रोलही फार लागणार नाही.

ही कल्पना माझी एकट्याची नव्हती. शाळेत माझा एक मित्र होता. दोघांनी मिळून वाचनालयातलं जयंत नारळीकरांचं ‘यक्षांची देणगी’ इतक्या वेळा नेलं होतं की ग्रंथपालांनी शेवटी ‘पाठ करून दाखवा, मगच देतो’ असं सुनावलं होतं. नारळीकर विज्ञानकथेकडे कसे आले, ती गोष्टही आम्हाला पाठ होती. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ च्या कथास्पर्धेत त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली ती ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने. स्वतःची आद्याक्षरं उलटी करून. परीक्षकांनी नाव न बघता कथा बघावी, म्हणून. कथेला पहिलं बक्षीस मिळालं. पुढे आम्ही दोघांनीही आपापली आद्याक्षरं उलटी करून वहीवर लिहिली होती. माझं नाव उलटं केल्यावर काहीच बनलं नाही. त्याचं बनलं, पण ते इथे सांगत नाही.

दहावीत असताना २८ फेब्रुवारीला, विज्ञान दिनाला, शाळेची सहल खोडदला गेली. नारायणगावजवळच्या या गावात जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण आहे. पंचेचाळीस मीटर व्यासाच्या तीस डिश. त्यांतल्या चौदा एकमेकींच्या जवळ आणि उरलेल्या सोळा तीन फाट्यांवर, पंचवीसेक किलोमीटरच्या टापूत, द्राक्षबागा आणि उसाच्या मधोमध उभ्या. प्रा. गोविंद स्वरूप यांनी ती बांधली तेव्हा डिशचा पृष्ठभाग भरीव न करता तारांच्या जाळीचा केला, म्हणून ती वजनाला हलकी आणि खर्चाला परवडणारी झाली. तिथे मोबाईल बंद करायला लावतात, कारण आकाशातून येणारा आवाज इतका क्षीण असतो की आपल्या खिशातला फोन त्याच्यापुढे ढोलताशाच. माहिती देणाऱ्या ताई म्हणाल्या, “मुलांनो, ही दुर्बीण लांबचं नाही बघत, जुनं बघते.”

मित्राने मला कोपर मारलं. आम्हाला हवं ते यंत्र सापडलं होतं.

\*

कालप्रवासाबद्दल विज्ञान काय म्हणतं, हे मी नंतर इंजिनिअरिंगच्या काळात, परीक्षेचा अभ्यास सोडून, वाचलं. त्याचा मला समजलेला सारांश असा : पुढे जाता येतं, मागचं बघता येतं, पण मागे जाता येत नाही.

पुढे जाण्याची कल्पना आपल्याकडे जुनी आहे. भागवतात ककुद्मी राजाची गोष्ट येते. मुलगी रेवती लग्नाची झाली, तिच्यासाठी वर कोण निवडावा हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तिथे गाणं चाललेलं असतं, म्हणून जरा थांबतो. गाणं संपल्यावर त्याने मनातली नावं सांगताच ब्रह्मदेव हसतो. तेवढ्या वेळात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटून गेलेली असतात. ती मुलं, त्यांची नातवंडं, त्यांची नावंही उरलेली नसतात. मग रेवतीचं लग्न बलरामाशी होतं. पुराणकारांना सापेक्षतावाद माहीत होता असं मी अजिबात म्हणत नाही, तो वेगळा धंदा आहे. पण दोन ठिकाणी काळ वेगवेगळ्या गतीने चालू शकेल ही कल्पना माणसाला सुचू शकते, आणि सुचल्यावर पहिला विचार येतो तो आपली माणसं गेली असतील हा, एवढं ती गोष्ट सांगते.

नारळीकरांच्या ‘कृष्णविवर’मध्ये हीच गोष्ट गणिताच्या आधाराने येते : प्रचंड गुरुत्वाकर्षणाजवळ काळ मंदावतो, तिथे फेरी मारून आलेला माणूस तरुण राहतो आणि मागे राहिलेले म्हातारे होतात. हे नुसतं कथेतलं नाही. ऑक्टोबर १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोघांनी अणुघड्याळं साध्या प्रवासी विमानांत ठेवून पृथ्वीप्रदक्षिणा केली. पूर्वेकडे गेलेली घड्याळं ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. आणि आपल्या फोनमधलं जीपीएस? वर फिरणाऱ्या उपग्रहांची घड्याळं आपल्यापेक्षा दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात. तेवढं दुरुस्त केलं नाही तर नकाशा रोज अकराएक किलोमीटरने चुकेल. म्हणजे एका दिवसात शिक्रापूर कोरेगावात जाऊन पडेल. चौकात अडकलेला प्रत्येक ट्रकवाला आइन्स्टाइनच्या भरवशावर उभा आहे, फक्त त्याला ते माहीत नाही.

मागे जाण्याचं दार मात्र अवघड आहे. १९३५ मध्ये आइन्स्टाइन आणि रोझेन यांनी समीकरणांतून अवकाशाच्या दोन भागांना जोडणारा पूल काढून दाखवला. त्याला पुढे ‘वर्महोल’ हे नाव पडलं. कार्ल सेगन यांना त्यांच्या ‘कॉन्टॅक्ट’ कादंबरीसाठी माणूस आरपार जाऊ शकेल अशी वाट हवी होती. त्यांनी किप थॉर्न यांना विचारलं, आणि त्या प्रश्नातून १९८८ चे शोधनिबंध निघाले. निष्कर्ष असा, की असा बोगदा उघडा ठेवायला ऋण ऊर्जेचं विचित्र द्रव्य लागेल. ते मिळालंच, आणि बोगद्याचं एक तोंड वेगाने फिरवून आणलं, तर दोन तोंडांच्या घड्याळांत फरक पडेल आणि काळाचं दार तयार होईल. पण एक अट आहे. दार बनलं त्या क्षणाच्या आधी त्यातून जाता येत नाही.

ही अट मला फार दिवस पुरली. आज चाकण चौकात, वाहतूक पोलिसांच्या परवानगीने, असं दार उभारलं तर दोनशे वर्षांनंतरची माणसं त्यातून आजच्या दिवसात येऊ शकतील. आपण मात्र १८१८ मध्ये जाऊ शकणार नाही. आपल्यासाठी त्या दाराचा उपयोग एकच : येणाऱ्यांनी आपल्याला बघावं.

नारळीकरांना स्वतःला काळाच्या दिशेचा प्रश्न नुसता कथालेखक म्हणून पडला नव्हता. विद्युतचुंबकत्वाची समीकरणं काळ उलटा केला तरी तशीच राहतात, मग लाटा नेहमी कारणानंतरच का पोचतात, आधी का नाही? फ्रेड हॉइल यांच्याबरोबर साठच्या दशकात त्यांनी याचं उत्तर विश्वाच्या रचनेत शोधण्याचा प्रयत्न केला होता. विश्व पुढे कसं आहे, यावर इथला दिवा लावल्यानंतरच उजेड का पडतो हे अवलंबून असू शकतं, असा तो विचार. दिवसभर हे गणित करणारा माणूस रात्री मराठीत गोष्टी लिहीत होता, हे मला अजून नवलाचं वाटतं.

\*

पण आमची आवडती कथा ‘कृष्णविवर’ नव्हती. ती होती ‘गंगाधरपंतांचे पानिपत’.

इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघातानंतर एका वेगळ्याच भारतात जातात. पुण्याहून मुंबईला निघतात तर वाटेत सरहद्द लागते, पुढे ईस्ट इंडिया कंपनीचा अंमल. ग्रंथालयात बसून ते हा इतिहास नेमका कुठे फुटला ते शोधतात, आणि फाटा सापडतो पानिपतावर. १४ जानेवारी १७६१ ला विश्वासरावांना लागलेली गोळी त्या जगात लागतच नाही, चाटून जाते. मराठे जिंकतात. पेशवे विज्ञानाची केंद्रं उभारतात, देश पुढे लोकशाहीकडे जातो, मुंबई तेवढी भाडेपट्ट्याने इंग्रजांकडे राहते. प्राध्यापक परत येतात तेव्हा त्यांच्या खिशात त्या जगातल्या बखरीचं एक फाटलेलं पान असतं.

हे पान म्हणजे सगळ्या मराठी घरांच्या मनातलं पान आहे. माझे आजोबा पानिपताबद्दल बोलायचे ते काल-परवा घरातलं कुणी गेल्यासारखं. ‘विश्वासराव वाचले असते ना...’ म्हणायचे आणि पुढचं वाक्य अर्धं सोडून तंबाखू मळायला घ्यायचे. ते अर्धं वाक्य नारळीकरांनी पूर्ण केलं, म्हणून ती कथा आम्हाला एवढी आवडली.

मोठेपणी इतिहास जरा वाचल्यावर लक्षात आलं, की फाटा निवडणं वाटतं तितकं सोपं नाही. रियासतकार सरदेसाईंचं मत असं, की पानिपतात माणसं फार गेली, पण मराठ्यांची सत्ता तिथे संपली नाही. आणि खरंच, अकरा वर्षांत, १७७२ मध्ये, महादजी शिंद्यांनी शाहआलमला पुन्हा दिल्लीच्या तख्तावर नेऊन बसवलं. ग्रँट डफने तर पानिपताइतकाच मोठा घाव म्हणून माधवरावांच्या मृत्यूकडे बोट दाखवलं. सत्तावीस वर्षांचे होते. म्हणजे माझ्यापेक्षाही लहान. मला पूर्वी वाटायचं, दार मिळालंच तर पानिपतावर कशाला जायचं? तोफा, थंडी, लाख माणसांची धावपळ. त्यापेक्षा थेऊरला जावं, जवळ आहे. बरोबर क्षयावरच्या गोळ्यांची सहा महिन्यांची पाकिटं न्यावीत आणि चिंतामणीच्या देवळात बसलेल्या त्या मुलाला सांगावं, एकही दिवस चुकवू नका.

मित्राला मी हा बेत कॉलेजच्या पहिल्या वर्षाला सांगितला होता. तो हसला होता. मग म्हणाला होता, “आणि मला कुठे नेशील?”

मी म्हणालो, “बरोबर चल की थेऊरला.”

तो म्हणाला, “मला देवळात घेतील का?”

तेव्हा मी हा विनोद समजलो होतो.

\*

१८१८ चं मला आज जे माहीत आहे ते थोडक्यात सांगतो. ३१ डिसेंबर १८१७ च्या रात्री साडेआठच्या सुमारास कॅप्टन फ्रान्सिस स्टाँटनची तुकडी शिरूरच्या छावणीतून पुण्याकडे निघाली. मुंबईच्या देशी पायदळाचे पाचशेच्या आसपास शिपाई, तीनशेच्या घरात घोडेस्वार, दोन तोफा आणि त्यांवरचे चोवीस युरोपीय गोलंदाज. रात्रभर चालून ती सकाळी दहाच्या सुमारास कोरेगावच्या वरच्या चढावर पोचली, तेव्हा भीमेच्या काठी दुसऱ्या बाजीरावाची फौज दिसली. वीस हजार स्वार, आठ हजार पायदळ असा तिचा आकडा सांगतात. प्रत्यक्ष गावात लढायला आले ते त्यातले थोडे, अरब, गोसावी आणि मराठे. दिवसभर गल्लीबोळांत लढाई झाली. कंपनीच्या लोकांना अन्न नाही, पाणी नाही. रात्री पेशव्यांची फौज निघून गेली. कंपनीची पावणेतीनशेच्या आसपास माणसं मारली गेली, जखमी झाली किंवा सापडली नाहीत. त्याच वर्षी जूनमध्ये बाजीराव माल्कमच्या स्वाधीन झाला. नंतर नदीच्या पलीकडे, पेरण्याच्या हद्दीत, कंपनीने स्तंभ उभारला. त्यावर मारल्या गेलेल्या ४९ जणांची नावं आहेत. त्यांतली २२ महार शिपायांची, शेवटी ‘नाक’ असलेली. १ जानेवारी १९२७ ला डॉ. आंबेडकर तिथे आले, आणि तेव्हापासून त्या दगडाचा अर्थ बदलला. कंपनीने स्वतःच्या विजयासाठी उभारलेल्या खांबावर लोकांनी आपली माणसं वाचली.

आता हा सगळा मजकूर मला शाळेत असताना माहीत नव्हता. दहा किलोमीटरवरचा खांब मी कधी जवळून बघितला नव्हता. आमच्या घरात १ जानेवारीबद्दल एकच वाक्य होतं : ‘आज रस्त्याला गर्दी असते, बाहेर पडू नका.’ पानिपत तेराशे-चौदाशे किलोमीटरवर, तर त्याची गोळी कुठून कुठे गेली ते पाठ. कोरेगाव शेजारी, तर फक्त गर्दी.

१ जानेवारी २०१८ ला लढाईला दोनशे वर्षं झाली. मी तिसऱ्या वर्षाला होतो, सुट्टीला घरी आलो होतो. दुपारी गच्चीवर गेलो तर सणसवाडीच्या बाजूला धूर दिसत होता. पुढे काय झालं ते सगळ्या महाराष्ट्राने बघितलं. दगडफेक, जळालेल्या गाड्या, गेलेला एक तरुण जीव. कोण कुठून आलं, कुणी सुरू केलं, यावर मी इथे निवाडा देणार नाही. मी गच्चीवर होतो, तेवढंच मला माझ्या डोळ्यांनी माहीत आहे.

मित्र त्या दिवशी आईबरोबर स्तंभाला गेला होता. हे मला माहीत होतं. रात्री ते दोघं रस्ता सोडून शेतातून चालत घरी आले, हे मला दुसऱ्या दिवशी तिसऱ्याच कुणाकडून कळलं. आमच्या दोन घरांमध्ये पाचशे मीटर अंतर असेल. मी फोन केला नाही. काय विचारायचं ते सुचलं नाही, ‘बरा आहेस ना’ एवढंही. आठवड्याने तो शाळेच्या ग्रुपमधून बाहेर पडला. भांडण झालं नाही. भांडण झालं असतं तर बरं झालं असतं. नुसतं बोलणं थांबलं, सात वर्षं.

\*

२० मे २०२५ ला नारळीकर पुण्यात गेले. त्या दिवशी दुपारी सात वर्षं न वाजलेल्या नंबरावरून दोन शब्द आले : ‘पंत गेले.’

मी लगेच फोन केला. यावेळी केला.

संध्याकाळी चौकातल्या टपरीवर भेटलो. चहा होईपर्यंत गंगाधरपंत, खोडद, ग्रंथपाल असं सगळं झालं. मग तो म्हणाला, “एक विचारू? ती गोष्ट मला अजून आवडते. पण मी ती परत वाचली. पानिपत जिंकलं तर सगळं कसं छान होतं बघ. पेशवे आपले आपणच सुधारतात. ते कशावरून?”

मी म्हणालो, “गोष्टच आहे ती.”

“गोष्टच आहे. पण दार कुठे उघडायचं ते गोष्ट सांगणारा ठरवतो. तू थेऊरला उघडतोस, तुझे आजोबा पानिपतावर. आंबेडकरांनी ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’मध्ये लिहिलंय, पुण्यात आमच्या माणसाला कमरेला झाडू आणि गळ्यात मडकं बांधून फिरावं लागे. माधवराव आणखी चाळीस वर्षं जगले असते, तर ते मडकं उतरलं असतं की आणखी चाळीस वर्षं राहिलं असतं? मला माहीत नाही. तुलाही नाही. पण तू त्यांना औषध द्यायला निघालास तेव्हा हा प्रश्न तुला पडला नव्हता.”

“मग तू इंग्रजांच्या बाजूने?”

“कंपनी काय आमच्यासाठी लढत होती? पुढे त्यांनीच आमची भरती बंद केली. मी खांबाला जातो ते कंपनीसाठी नाही जात. एखाद्या दगडावर आमची नावं कुणी कोरलेली होती, म्हणून जातो.”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. माझ्या धंद्यातली एक गोष्ट मात्र आठवली, ती मी त्याला सांगितली, कारण तोही याच धंद्यात आहे. आम्ही प्रोग्रामर गिट वापरतो. त्यात प्रत्येक बदलाची नोंद राहते, फाटे फुटतात, परत जुळतात. त्यात इतिहास नव्याने लिहिण्याचीही सोय आहे. एकट्याचं काम असेल तर खुशाल मागे जा, नको ती नोंद पुसा, क्रम बदला. पण ज्या इतिहासावर दुसऱ्यांनी आपलं काम उभं केलंय, तो कुणी परस्पर बदलून वर ढकलला, की बाकीच्यांच्या हाताखालची जमीन जाते. म्हणून पहिल्याच आठवड्यात शिकवतात : सामायिक इतिहास जोर लावून बदलायचा नाही. वाटलं तर पुढे नवी नोंद करा, आधीचं चुकलं असं लिहा, पण आधीचं तिथे राहू द्या.

तो म्हणाला, “आणि दोघांनी एकाच ओळीवर वेगळं लिहिलं तर?”

“मग यंत्र थांबतं. दोन्ही ओळी एकाखाली एक दाखवतं आणि म्हणतं, तुम्ही दोघं बसा आणि ठरवा.”

“सात वर्षं लागली बसायला,” तो म्हणाला, आणि चहाचे पैसे त्याने दिले.

\*

२०२३ च्या जानेवारीत खोडदच्या आमच्या दुर्बिणीबद्दल एक बातमी आली होती. एका दूरच्या दीर्घिकेतल्या हायड्रोजनचा संदेश तिने टिपला होता. तो निघाला तेव्हा विश्वाचं वय होतं ४९० कोटी वर्षं, आणि इथे पोचायला त्याला ८८० कोटी वर्षं लागली. एकवीस सेंटिमीटरची लाट वाटेत ताणली जाऊन अठ्ठेचाळीसची झाली होती. मधे दुसरी एक दीर्घिका होती, तिच्या गुरुत्वाकर्षणाने भिंगासारखं काम केलं म्हणून तो ऐकू आला. त्या दीर्घिकेत आपण काही बदलू शकत नाही. तिथलं जे व्हायचं ते केव्हाच होऊन गेलंय. तरी तीस डिश, शेकडो माणसं आणि कित्येक रात्री खर्च करून ते ऐकायचं, का? तर आपण इथवर कसे आलो ते कळावं म्हणून. त्यासाठी अट एकच, खिशातला फोन बंद ठेवायचा.

भूतकाळाचं मला माहीत असलेलं हे एकमेव चालू यंत्र आहे, आणि त्याला बदलण्याचं बटणच नाही. आधी मला हा त्याचा दोष वाटायचा.

गेल्या ३१ डिसेंबरला रात्री मी आणि मित्र चौकात उभे होतो. त्या रात्री दरवर्षी नगरकडून येणारी जड वाहनं शिक्रापुरातून वळवतात. एरवी ज्या रस्त्यावर बोलणं ऐकू येत नाही, तिथे कुत्र्याच्या पायांचा आवाज येत होता. थंडी होती. कंपनीची ती तुकडी शिरूरहून निघून रात्रभर चालली तेव्हा या बाजूच्या गावांत असाच अंधार असेल. पाचशे माणसांच्या पायांचा आवाज, तोफांच्या चाकांचा आवाज. कुणीतरी कवाड किलकिलं करून बघितलं असेल आणि परत लावून घेतलं असेल. त्या कवाडामागचा माणूस माझ्या घरातला होता की त्याच्या घरातला, आणि त्या रांगेत चालणारा कोण होता? मला दार मिळालं तर मी आता एवढंच मागेन. काही बदलायचं नाही. फक्त रस्त्याच्या कडेला उभं राहून बघायचं.

पहाटे आम्ही चालत निघालो. सणसवाडी, कोरेगाव, भीमेचा पूल. पोलिसांनी दोनदा पिशव्या तपासल्या. उजाडलं तेव्हा आमच्या पुढेमागे माणसंच माणसं होती, कडेवर पोरं घेतलेली, निळी उपरणी घातलेली, पुस्तकांचे स्टॉल लावणारी. मित्राची आई आधीच बसने पोचली होती. मला बघून त्या म्हणाल्या, “आलास होय. किती वर्षांनी!” आणि डब्यातली चपाती-भाजी पुढे केली. रांगेत दोन तास गेले. खांबाजवळ मला फार वेळ मिळाला नाही, मागून रेटा होता. मित्राने दगडावरच्या एका नावाकडे बोट दाखवलं. ते त्याच्या कुणाचं नव्हतं. तो दरवर्षी एक नाव निवडतो आणि तेवढं नीट वाचतो, म्हणाला. मीही एक वाचलं.

घरी आल्यावर लॅपटॉप उघडला. चाचणीची ती जुनी फाईल अजून होती. उणे ४,७९,६६,६८,८०० च्या खाली मी आणखी एक तारीख टाकली : १ जानेवारी २०१८, संध्याकाळचे सात, भारतीय वेळ. मी फोन करायला हवा होता ती वेळ.

१,५१,४८,१३,४००. हा आकडा बत्तीस बिटांच्या डब्यातही आरामात बसतो. मी तो पुसला नाही. फाईलमध्ये खाली एक नवी ओळ लिहिली आणि सेव्ह केली.